तळघरातला बिनवासाचा पाहुणा

डिसेंबर 1984. अमेरिकेतल्या पेनसिल्व्हेनियात स्टॅन्ली वॉट्रस हे अभियंते अणुवीज प्रकल्पावर कामाला गेले की किरणोत्सर्ग टिपणारी यंत्रं कोकलायची. गंमत म्हणजे प्रकल्पातून अजून वीजनिर्मिती सुरूच झाली नव्हती! किरणोत्सर्ग ते घरूनच अंगावर घेऊन येत होते. घर तपासलं, तर रेडॉन वायूचं प्रमाण आजच्या तिथल्या धोक्याच्या पातळीच्या जवळजवळ 700 पट निघालं.

जमिनीतल्या युरेनियमचं विघटन होता होता हा वायू तयार होतो. ना रंग, ना वास. उघड्यावर तो वाऱ्यात विरून जातो. पण तळघराच्या भेगांतून, पाइपांभोवतीच्या फटींतून आत शिरला आणि थंडीमुळे खिडक्या बंद असल्या, की साचत राहतो. त्यापासून बनणारे पोलोनियमचे कण श्वासावाटे फुप्फुसात जाऊन चिकटतात आणि तिथूनच पेशींवर मारा करतात. अमेरिकेत फुप्फुसाच्या कर्करोगाच्या कारणांत धूम्रपानाखालोखाल रेडॉनचाच नंबर. सिगारेट ओढणाऱ्याला तर धोका कितीतरी जास्त.

तपासणी अगदी किरकोळ असते: कोळशाची डबी दोन-चार दिवस तळघरात ठेवायची, मग प्रयोगशाळेत पाठवायची. प्रमाण जास्त निघालं, तर फरशीखाली पाइप घालून पंख्याने हा वायू छपरावर सोडतात. तिकडे घर घेणाऱ्या आपल्या मंडळींनी स्वयंपाकघराच्या ओट्याआधी तळघर बघावं.