विश्वाखालची बुरशी

‘डिस्कव्हरी’ या अंतराळयानाच्या पोटात चक्क अळंबीची लागवड आहे. काचेपलीकडच्या दालनात निळसर उजेडात ती वाढते. तिचे बीजाणू गोळा करून नळकांड्यांत भरतात आणि ते इंजिनात सोडले की यान जागच्या जागी नाहीसं होऊन क्षणात कित्येक प्रकाशवर्षं पलीकडे उमटतं. ‘स्टार ट्रेक: डिस्कव्हरी’ ही अमेरिकी मालिका २०१७ साली सुरू झाली आणि पाच पर्वांनंतर २०२४ मध्ये संपली. तिच्यातली मूळ कल्पना अशी: आपल्या आणि सगळ्या समांतर विश्वांच्या तळाशी बुरशीच्या तंतूंचं एक जाळं पसरलेलं आहे. यान त्याच तंतूंच्या वाटेनं जातं. आणि हे जाळं मेलं तर सगळ्या विश्वांतलं जीवन त्याच्याबरोबर संपेल.

यानावरच्या कवकशास्त्रज्ञाचं नाव पॉल स्टॅमेट्स. याच नावाचे खरे कवकतज्ज्ञ अमेरिकेत आहेत, ‘मायसेलियम रनिंग’ या २००५ सालच्या पुस्तकाचे लेखक. मालिकेनं पात्राला त्यांचंच नाव दिलं. यानावरच्या बुरशीला दिलेलं प्रोटोटॅक्साइट्स हे नावही खऱ्या जीवाश्माचं आहे. सुमारे चाळीस कोटी वर्षांपूर्वी झाडं गुडघ्याएवढीही नव्हती, तेव्हा हे फांद्यापानांविना आठ मीटरपर्यंत उभे राहणारे खांब होते. कॅनडातल्या डॉसन यांनी १८५९ मध्ये त्यांना नाव दिलं ते सूचिपर्णी वृक्षाचं खोड समजून. २००१ मध्ये फ्रान्सिस ह्यूबर यांनी ती बुरशी असल्याचं मांडलं. वाद अजून मिटलेला नाही.

पहिल्या पर्वात दुसऱ्या विश्वातलं साम्राज्य या जाळ्यातून ऊर्जा उपसत असतं आणि जाळं कुजू लागतं. हे कथानक सरळ आहे. मला महत्त्वाचा वाटतो तो दुसऱ्या पर्वातला भाग, कारण तिथे दोष आपल्या आवडत्या माणसांकडे येतो. ऊर्जा उपसणारं साम्राज्याचं जहाज नष्ट होताना एक हिरवा बीजाणू टिली या तरुण कॅडेटच्या खांद्यावर येऊन बसतो. पुढे त्यातून एक जीव तिच्याशी बोलू लागतो, तिच्या वारलेल्या शाळासोबतिणीचं रूप घेऊन. तो जाळ्यात राहणाऱ्या जाहसेप या जमातीचा. त्याचं गाऱ्हाणं असं की, आमच्या जगात एक राक्षस शिरला आहे आणि तो आम्हाला मारतो आहे.

तो राक्षस म्हणजे डॉक्टर कल्बर, स्टॅमेट्सचा मारला गेलेला जोडीदार, जो या जाळ्यात अडकून उरला आहे. जाहसेपांचा स्वभावधर्मच पदार्थ विघटित करण्याचा, त्यामुळे ते त्याला खाऊ पाहतात. तो बचावासाठी अंगाला एका झाडाची साल फासतो आणि ती त्यांना विषारी ठरते. दोघंही निर्दोष आणि दोघंही मारणारे. कुजवणं हेच ज्यांचं काम, त्यांच्या जिवावर विश्व उभं आहे, हे इतक्या स्वच्छपणे सांगणारी दुसरी विज्ञानकथा माझ्या पाहण्यात नाही. यानाच्या उड्यांनी हे जाळं दुखावतं, हेही याच पर्वात कळतं. इंजिन थांबवलं जातं. नंतरच्या पर्वांत ते पुन्हा सुरू होतं, आणि मला ती लेखकांची माघार वाटते.

आता जमिनीवर येऊ. जाळ्याची जाणीव आणि जाळ्याचा आधार या कल्पनेच्या दोन बाजू आहेत, आणि विज्ञानाकडे पाहता त्यांचं वजन सारखं नाही. जाणिवेची बाजू कच्ची आहे. सुझान सिमर्ड आणि सहकाऱ्यांनी १९९७ मध्ये ‘नेचर’मध्ये दाखवलं की बुरशीनं जोडलेल्या बर्च आणि डग्लस फर या झाडांत कार्बनची देवाणघेवाण होते. त्यातून ‘वुड वाइड वेब’ हा शब्द रूढ झाला आणि पाहता पाहता आईझाड पिलांना जेवू घालतं, झाडं एकमेकांना सावध करतात, अशा गोष्टी जगभर पसरल्या. २०२३ मध्ये तीन शास्त्रज्ञांनी हे पुरावे तपासून सांगितलं की प्रत्यक्ष जंगलातले दाखले या दाव्यांना पुरत नाहीत. त्या तिघांतल्या मेलानी जोन्स १९९७च्या निबंधाच्याही सहलेखिका होत्या. स्वतःच्या कामाकडे असं परत वळून पाहायला धैर्य लागतं. आपण वाचकांनीही बुरशीच्या तोंडी माणसाची भाषा घालायची घाई करू नये.

आधाराची बाजू मात्र पक्की आहे. जमिनीवरच्या दहांतल्या आठांहून अधिक वनस्पतिजाती मुळांशी बुरशीची सोबत ठेवतात. तंतू केसाहून बारीक, त्यामुळे जिथे मूळ पोहोचत नाही तिथून ते स्फुरद आणि पाणी आणतात आणि बदल्यात झाडाची साखर घेतात. या भागीदारीला जर्मनीच्या ए. बी. फ्रँक यांनी १८८५ मध्ये मायकोरायझा हे नाव दिलं. आपल्याकडे द्राक्ष-डाळिंबाचे बागायतदार तिला ‘व्हॅम’ म्हणून ओळखतात आणि रोपं लावताना खड्ड्यात टाकतात. आकाराचं म्हणाल, तर ओरेगॉनमधल्या मालूर जंगलात आर्मिलारिया बुरशीचा एकच जीव सुमारे ९६५ हेक्टर जमिनीखाली पसरला आहे. तो मात्र झाडं पोसत नाही, मारतो. मालिकेतल्या जाहसेपांना हा नातेवाईक शोभेल.

झाडं आणि बुरशीची ही सोबत जुनी आहे. स्कॉटलंडमध्ये ऱ्हायनी या गावी चाळीस कोटी वर्षांपूर्वीच्या वनस्पती दगडात पेशी न पेशी टिकून राहिल्या आहेत. त्यांतल्या अॅग्लाओफायटॉन या वनस्पतीच्या खोडाचा काप सूक्ष्मदर्शकाखाली धरला की पेशींच्या आत बुरशीच्या फांद्याफांद्यांच्या झुडपासारख्या रचना दिसतात. आजच्या ज्वारीच्या मुळांतही तशाच दिसतात. अॅग्लाओफायटॉनला मुळं नव्हती. झाडांना मुळं फुटण्याआधीच बुरशी तिथे होती.