मेशेस ऑफ द आफ्टरनून

प्रायोगिक चित्रपटाच्या इतिहासातील एक प्रवर्तक अमेरिकन लघुपट (१९४३). कीव्ह येथे जन्मलेली माया डेरेन (१९१७–६१) व तिचा पती, चेक छायालेखक व दिग्दर्शक अलेक्झांडर हॅमिड (१९०७–२००४) यांनी तो लॉस अँजेल्स येथील आपल्या राहत्या घरी १६ मिमी. फिल्मवर चित्रित केला. प्रमुख भूमिकाही त्या दोघांनीच केल्या. सुमारे १४ मिनिटांच्या या कृष्णधवल मूकपटाला १९५९ मध्ये तेजी इटो याच्या संगीताची जोड देण्यात आली.

एक तरुणी वाटेवरचे फूल उचलून घरी येते. दार उघडताना किल्ली निसटून पायऱ्यांवरून खाली जाते. आत पावात खोवलेली सुरी, जिन्यावर काढून ठेवलेला टेलिफोनचा रिसीव्हर आणि रिकाम्या खोलीत फिरत असलेली ध्वनिमुद्रिका तिला दिसते. मग ती खिडकीजवळच्या खुर्चीत झोपी जाते. स्वप्नात हेच आगमन थोड्याथोड्या फरकाने पुनःपुन्हा घडते. चेहऱ्याच्या जागी आरसा असलेली एक काळी आकृती पुढे चालत असते. धावूनही तरुणीला ती गाठता येत नाही. सुरी कधी जिन्यावर, तर कधी बिछान्यात आढळते. किल्लीचीच सुरी होते. स्वप्नातील तिघी तरुणी एका मेजाभोवती जमतात व त्यांतील एक सुरी घेऊन निद्रिस्त तरुणीकडे निघते. अखेरीस पुरुष घरी परततो, तेव्हा ती खुर्चीत मृतावस्थेत आढळते. भोवती आरशाचे तुकडे असतात.

आरशाच्या चेहऱ्याची आकृती वगळता येथे अनोळखी असे फारसे काही नाही. नित्याची वस्तू आपली जागा सोडते, तेव्हा घराविषयीचा विश्वासच डळमळतो. लघुपटातील अस्वस्थतेचे मूळ यात आहे. हा परिणाम मुख्यतः चित्रणतंत्राने व संकलनाने साधला आहे. सुरी घेतलेल्या तरुणीची लागोपाठची पावले वाळू, गवत, फरसबंदी व गालिचा यांवर पडतात. त्यामुळे खोलीतील चार पावलांचे अंतर अफाट भासते. एकाच चौकटीत तिची अनेक रूपे दाखविणे, मंदगती चित्रण व डोलता कॅमेरा यांचाही परिणामकारक वापर केलेला आहे.

समीक्षकांनी या कृतीचा संबंध अतिवास्तववादाशी जोडला; डेरेनला मात्र तो मान्य नव्हता. तिने १९४६ मध्ये न्यूयॉर्क येथे नाट्यगृह भाड्याने घेऊन आपले लघुपट दाखविले. अल्प साधनांत, घरच्या घरी केलेल्या या निर्मितीपासून पुढील स्वतंत्र चित्रपटकारांना प्रेरणा मिळाली. १९९० मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत तिचा समावेश झाला.