लोथार, ड्राबा आणि सदतीस यार्ड

इंद्रजाल कॉमिक्सवर वाढलेल्यांना जादूगार मँड्रेकचा धिप्पाड सोबती लोथार आठवत असेलच. मँड्रेकने नुसते हातवारे करायचे, अंगमेहनत लोथारची. १९५४ मध्ये अमेरिकी दूरचित्रवाणीसाठी मँड्रेक उभा करायचं ठरलं, तेव्हा लोथार झाला वुडी स्ट्रोड. उंची सहा फूट चार इंच. तोवर कॉलेजचं मैदान, व्यावसायिक लीग आणि कुस्तीचं रिंगण, सगळं त्याचं करून झालं होतं.

जन्म १९१४चा, लॉस एंजलिसचा. तिथल्याच यूसीएलए विद्यापीठाकडून तो फुटबॉल खेळला. (हा फुटबॉल कोल्हापूर-गोव्याचा नव्हे, यात चेंडू हातात घेऊन पळायचं आणि अडवणाऱ्याला आडवं करायचं.) बहुतेक बड्या विद्यापीठांच्या संघांत एकही कृष्णवर्णीय नसायचा, त्या काळात १९३९च्या या संघात स्ट्रोडबरोबर केनी वॉशिंग्टन आणि जॅकी रॉबिन्सन होते. संघ मोसमभर हरला नाही. शेवटचा सामना शेजारच्या यूएससीशी होता. कोलिझियम स्टेडियममध्ये लाखावर माणूस जमलेलं. यूसीएलए गोलरेषेच्या तोंडाशी पोचली आणि तिथेच अडली. शून्य-शून्य!

कॉलेज संपलं आणि दार बंद झालं. १९३४ पासून एनएफएल या व्यावसायिक लीगमध्ये एकही कृष्णवर्णीय खेळाडू नव्हता. तसा लेखी नियम नव्हता, मालकांचं आपसात ठरलेलं होतं. असले अलिखित नियम आपल्या वाचकाला समजावून सांगायची गरज नाही. १९४६ मध्ये रॅम्स संघ क्लीव्हलंडहून लॉस एंजलिसला आला. त्याला कोलिझियम हवं होतं आणि ते लोकांच्या पैशाचं होतं. हॅली हार्डिंग या कृष्णवर्णीय क्रीडापत्रकाराने तोच मुद्दा लावून धरला. आधी वॉशिंग्टनला करारबद्ध केलं, मागून स्ट्रोडला. शिकागोत संघाच्या हॉटेलात या दोघांना जागा नव्हती. शंभर-शंभर डॉलर हातावर ठेवून त्यांना दुसरीकडे धाडलं. पहिल्या मोसमात स्ट्रोड बत्तिशीचा होता. दहा सामने, चार झेल, सदतीस यार्ड, आणि सुट्टी. पुढच्याच वर्षी रॉबिन्सन बेसबॉलमध्ये उतरला आणि खेळातली वर्णभेदाची भिंत पडल्याचं म्हणून इतिहासाने तेच साल पक्कं केलं. स्ट्रोड कॅनडात गेला, १९४८ साली कॅलगरीच्या अपराजित संघातून ग्रे कप जिंकून आला.

सिनेमाने त्याला आधी शरीरासाठीच घेतलं. गुलाम, पहारेकरी, टोळीचा राजा. ‘स्पार्टाकस’ (१९६०) मधला ड्राबाही कागदावर तसाच. पण आखाड्यातला तो प्रसंग नीट पाहा. हातात त्रिशूळ आणि जाळं, समोर कर्क डग्लस. ड्राबा जिंकतो, त्रिशूळाची टोकं स्पार्टाकसच्या गळ्याशी टेकलेली. वरून हुकूम येतो, मार. स्ट्रोड एक शब्द बोलत नाही. नजर फक्त वर जाते. मग त्रिशूळ सुटतो तो रोमन पाहुण्यांच्या दिशेने, पाठोपाठ ड्राबा स्वतः. लॉरेन्स ऑलिव्हिए त्याच्या मानेत सुरी खुपसतो. या भूमिकेसाठी स्ट्रोडला गोल्डन ग्लोबचं नामांकन मिळालं.

त्याच वर्षी जॉन फोर्डने ‘सार्जंट रटलेज’मध्ये त्याला शीर्षकातलीच भूमिका दिली: खोट्या आरोपाखाली लष्करी न्यायालयासमोर उभा असलेला घोडदळातला जवान. तरीही श्रेयनामावलीत पहिलं नाव जेफ्री हंटरचं.

सर्जिओ लिओनेच्या ‘वन्स अपॉन अ टाइम इन द वेस्ट’ (१९६८) च्या सुरुवातीला तो ओसाड स्टेशनात पाण्याच्या टाकीखाली उभा असतो. टक्कलावर थेंब पडतात. तो बाजूला होत नाही, शांतपणे टोपी चढवतो. थेंब टोपीच्या काठात साचत राहतात. गाडी आल्यावर तो टोपी उतरवतो आणि ते पाणी पिऊन टाकतो. थोड्याच वेळात चार्ल्स ब्रॉन्सनची गोळी त्याला आडवं करते. नायकापेक्षा ती टोपी जास्त लक्षात राहते, असं माझं मत आहे. गप्प उभं राहून पडदा भरून टाकणं ही नटाचीच करामत, नुसत्या खांद्यांची नव्हे.

३१ डिसेंबर १९९४ रोजी स्ट्रोड गेला. पुढच्या नोव्हेंबरात ‘टॉय स्टोरी’ आला. त्यातल्या काउबॉय बाहुल्याचं वुडी हे नाव त्याच्यावरून ठेवलेलं आहे.