पाच इंच बाय पाच इंच

मुंबईच्या फणसवाडीत व्यंकटेशाचं देऊळ आहे आणि व्यंकटेशाच्या कथेत कर्ज आहे. पद्मावतीशी लग्न करायचं म्हणून देवानं कुबेराकडून पैसे उचलले आणि कलियुग संपेपर्यंत व्याज भरत राहण्याचं कबूल केलं. हुंडीत पडणारा पैसा त्या व्याजापोटी जातो, अशी भाविकांची श्रद्धा आहे. कलियुग ४,३२,००० वर्षांचं मानतात. महिन्याला एक हप्ता धरला तर ५१,८४,००० हप्ते होतात. आजच्या गृहकर्जासारखा ८.५ टक्के दर लावला आणि दर वर्षीचं व्याज त्या त्या वर्षी चुकतं केलं, तर युगाच्या शेवटापर्यंत मुद्दलाच्या ३६,७२० पट व्याज भरून होईल आणि मुद्दल तरीही तसंच उभं राहील.

हे झालं व्याज वेळेवर भरलं तर. ते थकलं आणि व्याजावर व्याज चढू लागलं, तर या दरानं कर्ज ९८ महिन्यांत दुप्पट होतं. एक रुपयाचे दोन, दोनाचे चार, चाराचे आठ. साधारण २,१५० वर्षांत त्या एका रुपयाचा आकडा दृश्य विश्वातल्या अणूंच्या संख्येला, म्हणजे सुमारे ८० अंकी संख्येला गाठतो. कलियुग संपताना तो जवळजवळ १५,९०० अंकी झालेला असतो. एका पानावर दोन हजार अंक बसवले तरी तो आकडा नुसता छापायला आठ पानं लागतील.

हे ९८ महिने लक्षात ठेवावेत. माणसाच्या कर्जातही ते भेटतात.

आता देवळाबाहेरच्या चाळींकडे पाहू. फणसवाडीच्या कितीतरी खोल्यांत याच्या नेमकं उलट गणित पिढ्यानपिढ्या चाललं. १९४७ च्या मुंबई भाडे नियंत्रण कायद्यानं जुन्या जागांचं भाडं १ सप्टेंबर १९४० च्या पातळीला बांधून ठेवलं. १९९९ चा महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा ३१ मार्च २००० पासून लागू झाला, तेव्हा कुठे वर्षाला ४ टक्के वाढीची मुभा मिळाली. मधली साठ वर्षं महागाई वाढत राहिली आणि पावतीवरचा आकडा जागचा हलला नाही. समजा खोलीचं भाडं महिना ४० रुपये होतं. वर्षाचे ४८० झाले, तीस वर्षांचे १४,४००. पागडी दिली की माणूस निर्धास्त. मालकाला मात्र त्या भाड्यातून जिन्याची एक पायरीही बदलणं परवडेना. लाकडी तुळया वाकल्या, गॅलऱ्यांना टेकू लागले आणि शहर बेटावरच्या १९,६४२ उपकरप्राप्त इमारतींच्या दुरुस्तीचा भार सरकारी दुरुस्ती मंडळावर येऊन पडला. आज त्याच वाड्यांत पुनर्विकासाचे टॉवर उठत आहेत.

भाडेकरूला पुनर्विकासात किमान ३०० चौरस फुटांचं घर फुकट मिळतं, पण ते एका खोलीमागे एकच. खोली एक आणि भाऊ दोन, हे गिरगावातल्या घराघरांतलं वास्तव आहे. थोरला वाडीत राहतो, धाकटा उपनगरात घर शोधतो. पुढचा हिशेब त्या धाकट्याचा.

घर ४०० चौरस फूट, भाव ३५,००० रुपये चौरस फूट, किंमत १ कोटी ४० लाख. ७५ लाखांवरच्या कर्जाला बँक घराच्या किमतीच्या ७५ टक्क्यांपर्यंतच पैसे देऊ शकते, त्यामुळे हा भाऊ १ कोटीचं कर्ज काढतो आणि ४० लाख आईच्या दागिन्यांतून, पीएफमधून, सासऱ्यांकडून उभे करतो. शिवाय ६ टक्के मुद्रांक शुल्काचे ८ लाख ४० हजार, नोंदणीचे ३० हजार आणि इमारत बांधकामाधीन असेल तर ५ टक्के जीएसटीचे ७ लाख. एकूण १५ लाख ७० हजार. त्याच भावानं हे जवळजवळ ४५ चौरस फूट झाले. एक स्वयंपाकघर दारात पाऊल टाकण्याआधीच गेलं.

व्याजाचा दर ८.५ टक्के धरू. २०२५ मध्ये रिझर्व्ह बँकेनं रेपो दर टप्प्याटप्प्यानं ६.५० वरून ५.२५ वर आणला, त्यामुळे आज कर्ज याहून स्वस्त मिळू शकतं. पण तीस वर्षांत दर कितीदा वरखाली होतील हे आज कुणीच सांगू शकत नाही, म्हणून मधला आकडा घेतला आहे. १ कोटीवर पहिल्या दिवशी २,३२९ रुपये व्याज चढतं. तासाला ९७ रुपये. आठ तास झोपून उठेपर्यंत ७७६ रुपये. चर्नी रोडला गाडीत बसून विरारला उतरेपर्यंत दीडेकशे. गणपतीची प्राणप्रतिष्ठा झाल्यापासून गिरगाव चौपाटीवर विसर्जन होईपर्यंतच्या दहा दिवसांत २३,२९० रुपये. गृहकर्ज देणारी एचडीएफसी १९७७ मध्ये याच मुंबईत सुरू झाली. घर निवृत्तीच्या पैशांतून नाही तर कमावत्या वयात घेता यावं, हा तिचे संस्थापक हसमुखभाई पारेख यांचा ध्यास होता. १९७८ मध्ये त्यांच्या संस्थेनं दिलेलं पहिलं कर्ज मालाडच्या घरासाठी होतं, ३०,००० रुपयांचं, १०.५ टक्क्यांनी. आजच्या या १ कोटीवर पहिल्या महिन्याचं नुसतं व्याज ७०,८३३ रुपये होतं.

कर्ज घेताना माणूस एकच प्रश्न विचारतो: हप्ता किती? वीस वर्षांचा हप्ता ८६,७८२ आणि तीस वर्षांचा ७६,८९१. महिन्याला ९,८९१ रुपये वाचतात म्हटल्यावर मन तिसाकडे झुकतं. ४० रुपये भाड्याच्या खोलीत वाढलेल्या माणसाच्या दृष्टीनं ७६,८९१ रुपये म्हणजे १६० वर्षांचं भाडं. गिरगावात केशवजी नाईकांच्या चाळीत १८९३ मध्ये सार्वजनिक गणेशोत्सव सुरू झाला, त्यालाही अजून १६० वर्षं व्हायची आहेत. म्हणून त्यातल्या त्यात लहान आकडा बरा वाटतो, हे मला पुरतं समजतं.

पण तो पहिला हप्ता उघडून पाहावा. तीस वर्षांच्या कर्जात ७६,८९१ पैकी ७०,८३३ व्याजाला गेले आणि मुद्दलाला पोहोचले ६,०५८. ३५,००० च्या भावानं ६,०५८ रुपयांत २५ चौरस इंच जागा येते. पाच इंच बाय पाच इंच, भिंतीवर लावतात त्या लहान चौकोनी टाइलएवढी. महिनाभर राबून, लोकलला लोंबकळून, धाकट्यानं चारशे फुटांच्या घरातली एवढी जागा मोकळी केली. वीस वर्षांच्या कर्जात पहिल्या महिन्याला १५,९४९ रुपये मुद्दलाला जातात आणि फरशी आठ इंच बाय आठ इंचांची होते. हप्ता तेरा टक्के मोठा, पण मोकळी झालेली जागा अडीचपटीहून अधिक.

आता दहा वर्षं पुढे जाऊ. तीस वर्षांच्या कर्जाचे १२० हप्ते एकही न चुकता भरून झाले. बँकेत गेले ९२ लाख २७ हजार. कर्ज उरलं ८८ लाख ६० हजार. निम्मं मुद्दल फिटायला २२ वर्षं ९ महिने लागतात. आणि ज्या महिन्यापासून हप्त्यात व्याजापेक्षा मुद्दल जास्त असतं, तो महिना २६३ वा. तिथून शेवटापर्यंत ९८ हप्ते उरतात. दुप्पट व्हायला लागणारे ९८ महिने ते हेच. कर्ज कितीही वर्षांचं असो, या दराला व्याजाचा वरचष्मा फक्त शेवटच्या ९८ हप्त्यांत सुटतो. मुदत वाढवली की त्या अठ्ठ्याण्णवांच्या आधीची व्याजाचीच वर्षं वाढतात.

तीस वर्षांची बेरीज २ कोटी ७६ लाख ८१ हजार. त्यात व्याज १ कोटी ७६ लाख ८१ हजार. याचे चौरस फूट केले तर ५०५ होतात. धाकटा राहतो चारशे फुटांत, आणि आणखी ५०५ फुटांचे पैसे भरतो, जिथे त्याला कधीच पाय ठेवता येणार नाही. वीस वर्षांत हे अदृश्य घर ३०९ फुटांचं असतं, व्याज १ कोटी ८ लाख २८ हजार. महिन्याचे ९,८९१ वाचवण्याची किंमत ६८ लाखांहून जास्त पडली.

आपल्या जुन्या धर्मशास्त्रात यावर एक मर्यादा होती, दामदुपटीची. एका वेळी वसूल करायचं थकलेलं व्याज मुद्दलापेक्षा जास्त असता कामा नये. मुंबई इलाख्यातली न्यायालयं हिंदू कर्जदाराला हा नियम लावत. वेळच्या वेळी भरलेल्या व्याजाला तो लागू नव्हता, त्यामुळे आजच्या हप्त्यांशी त्याची थेट तुलना होत नाही. तरी व्याज मुद्दलाच्या वर गेलं की कुठेतरी थांबायला हवं, ही जाण त्या काळच्या सावकारी जगातही होती, आणि तीस वर्षांच्या तक्त्यात ती मला कुठेच दिसत नाही.

दर बदलला की काय होतं, ते २०२२ मध्ये लाखो घरांनी पाहिलं. २०२१ मध्ये रेपो ४ टक्क्यांवर होता आणि ६.७५ टक्क्यांनी गृहकर्ज मिळत होतं. १ कोटीचा वीस वर्षांचा हप्ता ७६,०३६ पडत होता. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ महिन्यांत रेपो ६.५० झाला. कर्ज ९.२५ वर गेलं, तेव्हा सतरा महिने हप्ते भरलेल्या माणसाकडे साधारण साडेशहाण्णव लाख बाकी होती. त्यावर महिन्याचं व्याज ७४,३८५. हप्ता तोच ठेवला तर कर्ज फिटायला ४९९ महिने लागणार, म्हणजे साडेएकेचाळीस वर्षं. वीस वर्षांचं कर्ज घेऊन, एकही हप्ता न चुकवता, माणूस दुप्पट मुदतीच्या पलीकडे जाऊन पोहोचतो. बाकी ९९ लाखांची असती तर हप्त्यातून नुसतं व्याजही निघालं नसतं आणि भरता भरता कर्ज वाढत गेलं असतं. बँका अशा वेळी हप्ता न वाढवता मुदत वाढवत, आणि कर्जदाराला ते कळायचं उशिरा. १८ ऑगस्ट २०२३ रोजी रिझर्व्ह बँकेनं फर्मावलं की दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हे ग्राहकाला विचारावं आणि मुदत वाढवून कर्ज फुगू देऊ नये.

एक गोष्ट न सांगणं अन्यायाचं होईल. २ कोटी ७७ लाख ही आजच्या रुपयांची बेरीज नाही. महागाई वर्षाला ५ टक्के धरली तर तिसाव्या वर्षीचा ७६,८९१ चा हप्ता आजच्या १७,८०० रुपयांएवढा हलका झालेला असेल. सगळे ३६० हप्ते आजच्या मोलात आणले तर बेरीज सुमारे १ कोटी ४५ लाख येते. ज्या महागाईनं फणसवाडीच्या मालकाचं भाडं साठ वर्षांत खाऊन टाकलं, तीच आता धाकट्याच्या बाजूनं उभी असते. फरक इतकाच की मालकाचं भाडं कायद्यानं गोठवलं होतं, तर बँकेनं महागाई आधीच दरात धरलेली असते. शिवाय ही मदत उशिरा येते. सुरुवातीच्या वर्षांत मुलं लहान असतात, पगार लहान असतो, आणि हप्ता पूर्ण वजनाचा असतो.

म्हणूनच सुरुवातीच्या रुपयाचं मोल वेगळं आहे. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंड घेऊ नये, असं रिझर्व्ह बँकेनं बँकांना २०१२ मध्येच सांगितलं आहे. तीस वर्षांच्या कर्जात दर वर्षाच्या शेवटी बोनसमधून एक जादा हप्ता भरला तर कर्ज सात वर्षांहून आधी फिटतं आणि सुमारे ५० लाख वाचतात. एकदाच काय ते जमणार असेल तर लवकर जमवावं. पहिल्या वर्षाच्या शेवटी जादा भरलेला १ लाख मागचे १४ हप्ते पुसून टाकतो. तोच लाख पंचविसाव्या वर्षी भरला तर जेमतेम दोन हप्ते कमी होतात.

ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जासोबत बँकेनं की फॅक्ट स्टेटमेंट द्यायचं असतं. परतफेडीचा तक्ता त्यातच असतो आणि हे सगळे आकडे त्याच्या रकान्यांत ओळीनं लिहिलेले असतात. सही करण्याआधी शेवटच्या ओळीपर्यंत वाचावा. आणि पहिल्या वर्षाच्या शेवटी तो १ लाख भरायला जाल, तेव्हा हप्ता कमी करायचा की मुदत, हे ठरवूनच जा. हप्ता कमी करून घेतला तर महिन्याला ७७५ रुपये हलके होतात आणि उरलेल्या २९ वर्षांत व्याजाचे १ लाख ७० हजार वाचतात. मुदत कमी करून घेतली तर त्याच एका लाखानं १० लाखांवर व्याज वाचतं. अर्जावर मुदत कमी करा असं स्वच्छ अक्षरात लिहावं आणि नवा तक्ता हातात घेऊनच निघावं.