दहीहंड्याचे मीठ

वऱ्हाडाला समुद्र नाही; पण पूर्णेच्या खोऱ्यात खारपाण पट्टा आहे. तिथल्या विहिरीचे पाणी तोंडात धरवत नाही. १९३० च्या एप्रिलमध्ये गांधीजींनी दांडीला मीठ उचलले, आणि त्याच महिन्यात अकोला जिल्ह्यातील दहीहंड्याला हेच खारे पाणी आटवून लोकांनी मीठ केले. मीठ किती निघाले, हा प्रश्नच नव्हता. कायदा मोडला, हे मोलाचे.

चिमूटभर मिठाने साम्राज्य कसे हलते, असे कामगार मला विचारतात. त्याचे उत्तर असे. साम्राज्य बंदुकीच्या धाकावर उभे राहते खरे. पण त्याचा रोजचा गाडा चालतो तो सारा भरणाऱ्या, कापूस वेचणाऱ्या, आगगाडी हाकणाऱ्या हातांवर. १८५३ मध्ये फौजेच्या खर्चाच्या वसुलीपोटी इंग्रजांनी निजामाकडून वऱ्हाडचा कारभार घेतला. पुढे रेल्वे आली आणि आपला कापूस मुंबईमार्गे विलायतेच्या गिरण्यांना गेला. त्या साऱ्या व्यवहारात हात आपलेच होते. ते आवरले, की गाडा अडतो.

हे मुंबईच्या गिरणी कामगारांनी फार आधी ओळखले. १९०८ च्या जुलैत टिळकांना सहा वर्षांची शिक्षा झाली, तेव्हा त्यांनी वर्षाला एक दिवस या हिशेबाने सहा दिवस काम बंद ठेवले. गोळीबार झाला, माणसे मेली. १० जुलै १९३० रोजी लोकनायक अणे यांनी पुसदला राखीव जंगलातले गवत कापले व तुरुंग पत्करला. फेब्रुवारी १९४६ मध्ये मुंबईत नाविकांनी बंड केले आणि कामगार त्यांच्या पाठीशी रस्त्यावर उतरले.

परदेशातही हेच दिसते. १९४५ मध्ये इंडोनेशियावर पुन्हा ताबा मिळवू पाहणाऱ्या डचांची जहाजे भरण्यास ऑस्ट्रेलियाच्या गोदी कामगारांनी नकार दिला. सगळीकडे एवढ्याने भागले नाही. व्हिएतनामला आणि अल्जीरियाला शस्त्र धरावे लागले. अल्जीरियाचे युद्ध १९५४ ते १९६२ चालले. पण लढणाऱ्यालाही भाकर कोणीतरी पोचवावीच लागते.

मजुराने एक दिवस हात आवरला, की त्याची चूल थंड राहते. स्वातंत्र्याच्या जमाखर्चात ही रक्कम क्वचितच मांडली जाते. १९४७ ला स्वराज्य आले. खारपाण पट्ट्यातल्या विहिरी मात्र आजही खाऱ्याच आहेत. त्या गावांना पुरेसे गोड पाणी मिळते का, हे विचारणे आपले काम आहे. खाल्ल्या मिठाला जागावे, असे आपल्याकडे म्हणतातच.