अपील दाखल झाले, पण स्थगितीचे काय?

कर्जाच्या दाव्यात निकाल विरोधात गेला की आमचा माणूस जिल्हा न्यायालयात अपील करतो आणि निर्धास्त होतो. ‘वरच्या कोर्टात टाकलंय’ हे वाक्य आम्ही वस्त्यावस्त्यांतून ऐकत आलो आहोत. बांधवांनो, हा भ्रम आहे. केवळ अपील केल्याने हुकूमनाम्याची अंमलबजावणी थांबत नाही, असे दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधील आदेश ४१, नियम ५ स्पष्ट सांगतो. त्यासाठी न्यायालयाचा वेगळा स्थगिती आदेश लागतो. तो नसेल तर इकडे अपिलाला तारखांवर तारखा पडतात आणि तिकडे धनकोची दरखास्त चालते, जप्ती येते, घराचा लिलाव होतो.

मग पुढे अपील जिंकले तर? कलम १४४ प्रमाणे भरलेले पैसे परत मागता येतात. लिलावात खुद्द धनकोनेच घर घेतले असेल तर घरही परत मागता येते. पण बोली तिऱ्हाइताची असली तर? ५१९ रुपयांच्या एकतर्फी हुकूमनाम्यापायी एक घर ५,१०० रुपयांना लिलावात गेले होते. तो हुकूमनामा पुढे रद्द झाला. तरीही तिऱ्हाइताची खरेदी कायम केली पाहिजे, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने १९६६ साली दिला. हुकूमनामा गेला, पण घर परत आले नाही! घरापुरते अपील निरर्थक होते ते असे.

अपील मरण्याच्या आणखीही वाटा आहेत. समोरचा पक्षकार मरण पावला आणि ९० दिवसांत त्याचे वारस दाखल केले नाहीत, तर त्याच्याविरुद्धचे अपील संपते. तडजोडीवर सही केली की भांडण तिथेच मिटते. लोकअदालतीच्या निवाड्यावर तर अपीलच नाही. जप्तीच्या धाकाने पैसे भरावे लागले म्हणून अपील बुडत नाही. पण भरताना ‘अपिलाचा हक्क राखून’ असे लेखी द्यावे. ‘पूर्ण समाधान झाले’ अशा कागदावर न वाचता अंगठा उठवू नये.

तेव्हा करायचे काय? जिल्हा न्यायालयातील अपिलाची मुदत ३० दिवसांची. अपिलासोबत त्याच दिवशी स्थगितीचा अर्ज द्या. न्यायालय रक्कम भरायला किंवा जामीन द्यायला सांगेल, त्याची तयारी ठेवा. वकिलाला पैसे नाहीत म्हणून घरी बसू नका. विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ नुसार अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तीला मोफत वकील मागता येतो. या प्रवर्गाला उत्पन्नाची अट नाही. १९९० च्या दुरुस्तीने अनुसूचित जातींतून बौद्ध झालेल्यांनाही केंद्राच्या यादीत तो दर्जा मिळाला. जातीचा दाखला घेऊन तालुका विधी सेवा समितीकडे जा.

बाबासाहेबांनी आम्हाला कायद्यापुढे समान उभे केले. पण कायदा झोपलेल्याची वाट पाहत नाही. आमच्या कार्यकर्त्यांनी मोर्चाइतकेच लक्ष बेलिफाच्या नोटिशीकडे द्यावे. विहारात दर महिन्याला एक तास अशा नोटिसा वाचून दाखवल्या, तर कित्येक घरे लिलावापासून वाचतील.

जय भीम!