विश्वांचा तराजू

जुन्या पिवळ्या बल्बमधली तार टंगस्टन धातूची असते. अशाच टंगस्टनच्या एका बाटलीपासून आयझॅक असिमॉव्ह यांची ‘द गॉड्स देमसेल्व्हज’ (१९७२) ही विज्ञानकादंबरी सुरू होते. एका शास्त्रज्ञाच्या टेबलावर ती बाटली धूळ खात पडलेली असते. एके दिवशी पाहतो तर काय, आत भलतंच काहीतरी! तपासल्यावर निघतं प्लुटोनियम-१८६. म्हणजे ९४ प्रोटॉन आणि अवघे ९२ न्यूट्रॉन. प्रोटॉन एकमेकांना दूर ढकलतात, आणि इतक्या जणांना इतक्या कमी न्यूट्रॉनच्या मदतीने बांधून ठेवण्याएवढं बल आपल्या विश्वात नाही. मग हे आलं कुठून? समांतर विश्वातून! तिथे ते बल जास्त जोरकस आहे.

मग सुरू होते अदलाबदल. आपलं टंगस्टन तिकडे गेलं की त्याचं प्लुटोनियम होतं, तिकडचं प्लुटोनियम इकडे आलं की त्याचं टंगस्टन. दोन्हीकडे ऊर्जा, तीही फुकट! पण धातूबरोबर निसर्गाचे नियमही थोडेथोडे पाझरत असतात, बरं का. आपल्याकडे ते बल वाढत गेलं, तर सूर्याचाच स्फोट व्हायचा. एक तरुण शास्त्रज्ञ हे जीव तोडून सांगतो. ऐकतो कोण? फुकटची वीज सोडवत नाही ना! शेवटी दुसरा एकजण तिसरंच विश्व शोधून काढतो. तिथलं बल आपल्याहून दुबळं. मग एकीकडून जे पाझरलं ते दुसरीकडे सोडायचं, की काटा मध्यावर. (मला ही पळवाट जरा सोयीचीच वाटते.)

खऱ्या विज्ञानाचं काय? ह्यू एव्हरेट यांनी १९५७ साली मांडलेल्या कल्पनेत विश्वाला फांद्या फुटतात, पण त्यांच्यात देवघेव होत नाही. २०१८ मध्ये बॉयल, फिन आणि ट्युरॉक या तिघांनी सुचवलं, की महास्फोटाच्या पलीकडे आपलंच आरशातलं जुळं विश्व असेल आणि तिथे काळ उलटा धावत असेल. शून्याच्या दोन बाजूंना धन आणि ऋण संख्या असतात, तसं. पुरावा मात्र अजून कशाचाच नाही.

जयंत नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेत मराठे पानिपत जिंकलेल्या जगातून एक प्राध्यापक परत येतात, ते खिशात पुस्तकाचं फाटकं पान घेऊन. म्हणजे तिकडे एक पान कमी! त्याच्या बदली इकडून काय गेलं असेल?